सहांतले शेवटचे : लुई मोहोलो-मोहोलो

[पडदा काळा. फक्त स्नेअर ड्रम ऐकू येतो.]

हा आवाज आधी नीट ऐका. स्नेअर ड्रमच्या खालच्या पुडीला तारांची पट्टी टेकलेली असते. वर काठी पडली की त्या तारा थरथरतात. काठी मारून लगेच उचलली तर एकच टोला मिळतो. तीच किंचित दाबून धरली तर आपोआप पुन्हा पुन्हा उसळते. दोन्ही हातांनी आळीपाळीनं असं वाजवलं की सुटे टोले विरतात आणि कापड फाटत जावं तशी सलग खरखर उरते. हा प्रेस रोल. दाब वाढला तर आवाज घुसमटतो, कमी पडला तर टोले मोकळे पडतात. दक्षिण आफ्रिकेचे जॅझ ड्रमर लुई मोहोलो यांच्या हातात हा रोल साठ वर्षं जिवंत होता.

[केपटाऊन, लांगा वस्ती]

जन्म 10 मार्च 1940, केपटाऊन. लांगा ही तिथली कृष्णवर्णीयांची वस्ती. कुणी कुठं राहायचं हे 1950 पासून कायदाच वंशावरून ठरवत होता, आणि 1953 च्या दुसऱ्या कायद्यानं सार्वजनिक जागाही वाटून टाकल्या. त्याच देशात ब्लू नोट्स हा सहा जणांचा बँड जमला. पियानोवर ख्रिस मॅकग्रेगर, ऑल्टो सॅक्सोफोनवर डुडू पुक्वाना, टेनरवर निकेले मोयाके, ट्रम्पेटवर मोंगेझी फेझा, डबल बासवर जॉनी ड्यानी आणि ड्रमवर मोहोलो. मॅकग्रेगर गोरे, मिशनच्या शाळेत शिकवणाऱ्या वडिलांबरोबर ट्रान्स्काय या दक्षिण आफ्रिकेतल्या प्रदेशात वाढलेले. बाकी पाचही जण काळे. एका मंचावर बसणं हाच गुन्हा ठरू शकत होता.

1964 मध्ये फ्रान्समधल्या आंतीब जॅझ महोत्सवाचं आमंत्रण आलं आणि सहाही जण देशाबाहेर पडले. पुढं स्वित्झर्लंड, मग 1965 मध्ये लंडन. मोयाके लवकरच मायदेशी परतले आणि तिथंच वारले. उरले पाच.

1966 मध्ये मोहोलो आणि ड्यानी हे अमेरिकन सॅक्सोफोनवादक स्टीव्ह लेसी आणि इटलीचे ट्रम्पेटवादक एन्रिको राव्हा यांच्याबरोबर अर्जेंटिनाला गेले. परतीचं तिकीट नव्हतं, त्यामुळं कित्येक महिने तिथंच अडकून पडले. ब्युनोस आयर्समध्ये त्यांनी जे रेकॉर्ड केलं, त्यात ठरलेली चौकट नावालाही नाही.

[ड्रम किट, जवळून]

इथं थोडं थांबायला हवं, कारण मोहोलोंचं मोठेपण नेमकं इथं आहे. त्या काळच्या जॅझ ड्रमरचा उजवा हात राइड झांजेवर ठेका धरायचा आणि डावा पाय हाय-हॅट ही झांजांची जोडी दुसऱ्या व चौथ्या मात्रेवर मिटायचा. मोहोलोंनी तो ठेका विरघळवला. मात्रा मोजायला गेलात तर हाती लागत नाहीत, पण लय सुटलेली नसते. वर फुंकवाद्यांची धून चर्चमधल्या भजनासारखी संथ जाते, खाली स्नेअर आणि झांजा तिच्या कितीतरी पट वेगानं उकळत असतात. हे करू जाणारे बहुतेक ड्रमर एकच चूक करतात. वेग वाढवताना आवाजही वाढवतात. मग बास बुडतो, आणि धून वाजवणाराही घाबरून पळू लागतो. मोहोलोंबरोबर वाजवणाऱ्याला पळावं लागत नसे.

14 डिसेंबर 1975 रोजी फेझा न्यूमोनियानं गेले. वय अवघं तीस. 23 डिसेंबरला लंडनमधल्या शोकसभेतून उरलेले चौघं थेट वाजवायला बसले. आधी काही लिहिलेलं नव्हतं, ठरवलेलंही नव्हतं. ओगन रेकॉर्ड्सनं ते ध्वनिमुद्रण प्रसिद्ध केलं. ब्लू नोट्सचं एकच काही ऐकायचं असेल तर आम्ही हेच सुचवू.

1978 मध्ये मोहोलोंनी स्वतःच्या ऑक्टेटसह, म्हणजे आठ जणांच्या बँडसह, 'स्पिरिट्स रिजॉइस' ही तबकडी केली. तीत फेझांची एक धून आहे. संथ धून आणि उकळता ड्रम म्हणजे काय, ते तिथं सर्वांत स्वच्छ कळतं. पहिल्यांदा फक्त ट्रम्पेटच्या मागं जा, दुसऱ्यांदा फक्त स्नेअरच्या.

1986 मध्ये ड्यानी गेले. पुढच्या वर्षी तिघांनी त्यांच्यासाठी रेकॉर्ड केलं, आणि बासची जागा रिकामीच ठेवली. बास नसला की संगीताचा तळ उघडा पडतो. तो भार पियानोच्या डाव्या हातावर आणि ड्रमरच्या पायावर येतो. दुसरा बासवादक आणणं सोपं होतं. तो आणला नाही, हे आम्हाला फार मोलाचं वाटतं.

26 मे 1990 ला मॅकग्रेगर गेले. 30 जूनला पुक्वाना.

सहांतले मोहोलो एकटे राहिले. 1993 मध्ये 'व्हिवा ला ब्लॅक' हा आपला बँड घेऊन ते दक्षिण आफ्रिकेत वाजवून आले. 2005 मध्ये कायमचे परतले, लांगालाच. देश सोडून 41 वर्षं झाली होती. 13 जून 2025 रोजी, वयाच्या 85 व्या वर्षी, त्यांचं निधन झालं.

[लंडन, 2017]

शेवटच्या वर्षांतल्या त्यांच्या 'फाइव्ह ब्लोक्स' या बँडमध्ये सगळे वादक त्यांच्याहून कितीतरी तरुण. कुणीही मध्येच एखादी जुनी धून उचलतो, बाकीचे ती पकडतात. दोन धुनांमध्ये थांबणं नाही. आधीची धून विरत असते, टाळ्यांसाठी हात वर येतात, आणि तेवढ्यात स्नेअरची ती खरखर पुढच्या धुनेत शिरलेली असते.