सैल तारा

उजव्या हाताची ही दोन बोटं नीट बघा. मधलं बोट आणि अनामिका, दोन्हींच्या टोकाला टोपणं आहेत. 'ब्लॅक सॅबथ' या इंग्लिश हेवी मेटल बँडचा गिटारवादक टोनी आयोमी डावखुरा, म्हणजे तारा दाबायचा हात हाच.

बर्मिंगहॅममधला पत्र्याचा कारखाना. टोनी 17 वर्षांचा, आणि कामाचा शेवटचा दिवस. दुपारी जेवायला घरी आल्यावर तो परत जायला तयार नव्हता. आई म्हणाली, दिवस पुरा करून ये. तो गेला आणि हात यंत्रात सापडला, या दोन बोटांची टोकं तुटली.

टोपणं त्याने घरीच बनवली. साबणाची प्लास्टिकची बाटली वितळवून गोळा केला, बोट बसेल एवढा पोकळ केला, घासून घासून आकार दिला. वर जुन्या जाकिटाचं चामडं चिकटवलं, कारण नुसतं प्लास्टिक तारेवरून निसटतं. तरीही तार बोटाला जाणवत नाही, मग जोर जास्त लागतो. त्यावर उपाय म्हणून गिटारला बँजोच्या बारीक तारा चढवल्या.

1970. 'ब्लॅक सॅबथ'चा पहिला अल्बम, जवळजवळ सगळा एका दिवसात ध्वनिमुद्रित झालेला. पाऊस, घंटा, आणि मग संथ तीन सूर: सा, वरचा सा, तीव्र मध्यम. त्याच वर्षी दुसरा अल्बम, 'पॅरानॉइड'. त्यातलं याच नावाचं गाणं अल्बम भरायला ऐन वेळी केलेलं.

खरं वळण 1971 सालचं. 'मास्टर ऑफ रिअॅलिटी' या तिसऱ्या अल्बममधल्या काही गाण्यांसाठी टोनीने गिटार तीन अर्धस्वर खाली उतरवली. बँडमधल्या गीझर बटलरची बास गिटारही तेवढीच खाली आली. तारा सैल पडल्या, बोटांना आराम मिळाला, आणि आवाज असा जड झाला की पुढच्या कितीतरी बँडना त्यातूनच वाट सापडली. या आवाजाचं श्रेय बँडच्या क्रूस आणि काळ्या कपड्यांना देणारे पुष्कळ आहेत. आम्ही ते या सैल तारांना देतो.

1972 ला पियानो आणि मेलोट्रॉन (फितीवर मुद्रित केलेले सूर वाजवणारं की-बोर्ड वाद्य) आले, 1973 ला रिक वेकमनची की-बोर्ड, 1975 ला चक्क गायकवृंद. चाहते कुरकुरले. पण खाली ऐका, गिटारचा तो जडपणा हललेला नाही.

1979 मध्ये गायक ओझी ऑस्बर्नला काढलं. त्याच्या जागी रॉनी जेम्स डिओ आला, गाण्यांना वेग आला. पुढे गायक येत-जात राहिले. प्रत्येक अल्बमवर असलेला माणूस एकच, टोनी.

5 जुलै 2025. बँडचा शेवटचा कार्यक्रम. व्हिला पार्क स्टेडियम, बर्मिंगहॅममधलं अॅस्टन, मूळचे चौघं (टोनी, गीझर, ओझी आणि ड्रमवादक बिल वॉर्ड) जिथे वाढले तो भाग. बिल पुन्हा ड्रमवर. ओझी सिंहासनावर बसून गातोय. शेवटी वाजलं ते अल्बम भरायला केलेलं गाणं, 'पॅरानॉइड'.

17 दिवसांनी ओझी गेला.