तीन मंगळवार, नोव्हेंबर २००४

नमस्कार श्रोतेहो.

व्हिडिओ गेमच्या धंद्यात नोव्हेंबर म्हणजे सुगी. नाताळच्या खरेदीआधी माल दुकानात पोचायला हवा, म्हणून मोठ्या कंपन्या आपले हुकमी एक्के याच महिन्यात टाकतात. दरवर्षी काही ना काही नावाजलेलं येतंच. पण आज मी फक्त एका नोव्हेंबरबद्दल बोलणार आहे, २००४ च्या.

नऊ तारखेला आला ‘हेलो २’. सोळाला ‘हाफ-लाइफ २’. तेवीसला ‘वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट’. तिन्ही दिवस मंगळवार. अमेरिकेत त्या काळी नवा गेम बहुतेक मंगळवारीच बाजारात यायचा, त्यामुळे तो योगायोग नव्हता. तिन्ही गेम खोक्यात घालून, डिस्कवर, दुकानांतून विकले गेले. आणि माझं म्हणणं असं आहे की खोक्याची आणि डिस्कची सद्दी संपवायला ज्यांनी सुरुवात केली, ते हेच तीन गेम. ‘ग्रँड थेफ्ट ऑटो: सॅन अँड्रियास’ ऑक्टोबरच्या २६ तारखेलाच येऊन गेला होता, म्हणून तो आजच्या हिशेबात नाही. पण लोकांचा तो निम्मासुद्धा खेळून झाला नसेल, तोच हे सगळं येऊन आदळलं, एवढं लक्षात ठेवा.

पहिला मंगळवार. बंजी या स्टुडिओचा पहिला ‘हेलो’ २००१ मध्ये मायक्रोसॉफ्टच्या एक्सबॉक्स या कन्सोलबरोबरच, म्हणजे टीव्हीला जोडायच्या गेमयंत्राबरोबरच, आला होता. त्यात इंटरनेटवरून खेळायची सोय नव्हती. चौघांपेक्षा जास्त जणांना एकत्र खेळायचं असेल, तर आपापला कन्सोल आणि टीव्ही उचलून एकाच्या घरी जायचं, केबलनं सगळे कन्सोल जोडायचे आणि पहाटेपर्यंत एकमेकांना गोळ्या घालायच्या. चार कन्सोल, सोळा खेळाडू. ज्यांनी हे केलंय त्यांना दुसरं काही आवडत नाही, असा माझा अनुभव आहे.

‘हेलो २’ नं हा खेळ इंटरनेटवर नेला. तसं इंटरनेटवर नेमबाजी तोवर नवीन नव्हती. पण आधीची पद्धत अशी होती की पडद्यावर सर्व्हरची, म्हणजे जिच्यावर सामने चालतात त्या दूरच्या संगणकांची, लांबलचक यादी यायची, त्यातला एक आपण निवडायचा, आत शिरायचं, आणि आत वर्षानुवर्षं मुरलेले खेळाडू बसलेले असायचे. नवख्याचा पाच मिनिटांत निकाल. ‘हेलो २’ मध्ये यादीच नव्हती. बटण दाबा, तुमची पातळी बघून यंत्रणा तुमच्या तोडीचे प्रतिस्पर्धी शोधून देते. मित्रांचा गट जमलेला असेल, तर तो एका सामन्यातून दुसऱ्यात अख्खाच्या अख्खा जातो. यात काय मोठं, असं आज वाटेल. वाटणारच, कारण नंतर जवळपास प्रत्येकानं हेच उचललं. पहिल्या २४ तासांत सुमारे २४ लाख प्रती खपल्या, साडेबारा कोटी डॉलरची विक्री झाली.

कथेवर मात्र लोक चिडले. निम्मा गेम आपण मास्टर चीफ या नायकाऐवजी शत्रूपक्षातल्या आर्बिटर नावाच्या योद्ध्याच्या भूमिकेत खेळतो, आणि शेवट तर असा की आता खरी लढाई सुरू होणार म्हणून सरसावून बसावं आणि श्रेयनामावली सुरू व्हावी. शेवटाबद्दलची तक्रार मला मान्य आहे. आर्बिटरबद्दलची अजिबात नाही. ज्यांना पहिल्या भागात आपण बिनदिक्कत मारलं, त्यांच्या बाजूनं, त्यांच्या धर्मवेडातून तीच लढाई बघायला लावणं, हे त्या काळच्या नेमबाजीच्या गेमसाठी धाडसाचं काम होतं.

पुढे एप्रिल २०१० मध्ये मायक्रोसॉफ्टनं मूळ एक्सबॉक्सची ऑनलाइन सेवा बंद केली. पण जे आधीपासून आत होते, त्यांना कन्सोल बंद करेपर्यंत खेळता येत होतं. मग काही जणांनी कन्सोल बंदच केले नाहीत. यंत्रं तापली, जोडण्या तुटल्या, एकेक जण गळत गेला, तरी शेवटचे काही मे महिन्यापर्यंत टिकले. डिस्क सगळ्यांच्या घरी होती. खेळ मात्र दुसऱ्याच्या सर्व्हरवर होता.

दुसरा मंगळवार. ‘हाफ-लाइफ २’ बद्दल मी जरा जास्त बोलणार आहे, आधीच सांगून ठेवतो.

व्हॅल्व्ह कंपनीनं हा गेम ३० सप्टेंबर २००३ ला येणार असं जाहीर केलं होतं. तारीख उलटून गेली, गेम आला नाही. ऑक्टोबर उजाडला तोच बातमी आली की कुणीतरी कंपनीच्या नेटवर्कमध्ये घुसून गेमचा सोर्स कोड, म्हणजे प्रोग्रामचा मूळ मजकूर, पळवलाय आणि तो इंटरनेटवर फिरतोय. अपुरा, अर्धवट गेम जगानं बघितला. त्यानंतर वर्षभरानं खरा गेम आला, आणि इतकं सगळं आधी फुटूनही तो बघून लोक थक्क झाले.

सुरुवातीचाच एक प्रसंग सांगतो. गेमचा नायक, म्हणजे तुम्ही, गॉर्डन फ्रीमन आगगाडीतून सिटी १७ या शहरात उतरतो. परग्रहावरून आलेल्यांनी ताब्यात घेतलेलं, पूर्व युरोपच्या वळणाचं शहर. त्याची रचना करणारे कला दिग्दर्शक व्हिक्टर अँतोनोव्ह मूळचे बल्गेरियातल्या सोफियाचे, त्यामुळे तिथल्या भिंती, ट्राम आणि जिने नुसते नेपथ्य वाटत नाहीत. स्टेशनात एक पोलीस मुद्दाम पेयाचा रिकामा डबा खाली पाडतो आणि तो उचलून कचऱ्यात टाक म्हणून तुम्हाला दरडावतो. निमूट टाकलात तर तो हसतो आणि जाऊ देतो. तोच डबा त्याच्या तोंडावर फेकलात तर दंडुका घेऊन मागे लागतो. या अर्ध्या मिनिटात वस्तू कशी उचलायची, कशी फेकायची हे तुम्ही शिकलात, आणि या राज्यात तुमची किंमत काय आहे तेही कळलं. सूचनांची पाटी नाही, कुणाचं भाषण नाही. याहून चांगला धडा मी गेममध्ये पाहिलेला नाही.

पुढे ग्रॅव्हिटी गन हाती येते. करवतीची पाती, रंगाचे डबे, रेडिएटर, दिसेल ते ओढून घ्यायचं आणि शत्रूवर भिरकवायचं. रेव्हनहोम या ओसाड गावात तर हाताशी गोळ्या कमी आणि करवतीची पाती भरपूर, अशी मुद्दाम व्यवस्था केलेली आहे. वजन, घर्षण, तरंगणं या गोष्टी आधीच्या गेममध्ये शोभेपुरत्या असायच्या. इथं त्यांच्यावाचून पुढे जाताच येत नाही. फळीच्या एका टोकावर विटा रचल्या की दुसरं टोक वर उचललं जातं आणि तुम्हाला वाट मिळते, इतकी साधी कोडी. पात्रांचे चेहरेही तसेच. चेहऱ्यावरचे भाव कोणत्या स्नायूंनी उमटतात यावर मानसशास्त्रज्ञ पॉल एकमन यांनी केलेल्या कामाचा आधार घेऊन ते घडवले होते. अ‍ॅलिक्स ही गेममधली तुमची साथीदार तुमच्याकडे बघते तेव्हा खरंच बघते.

आणि आता कडू भाग. दुकानातून खोका आणला, डिस्का घातल्या, तरी हा गेम इंटरनेटशिवाय सुरू होत नव्हता. व्हॅल्व्हच्या स्टीम या सेवेवर खातं उघडायचं, गेम त्या खात्याला जोडायचा, परवानगी आली की मग खेळायचं. स्टीम सुरू होऊन तेव्हा जेमतेम वर्ष झालं होतं आणि लोकांचा तिच्यावर रागच होता. पहिल्या दिवशी सर्व्हर गर्दीनं गुदमरले. डिस्क हातात, पैसे दिलेले, आणि पडद्यावर ‘थांबा’. एकट्यानं खेळायच्या गेमला परवानगी कसली, हा तेव्हाचा प्रश्न मला आजही रास्त वाटतो. पण त्याच स्टीममुळे पुढे छोट्या छोट्या गटांनी बनवलेले हजारो गेम दुकानाच्या फळीवर जागा न मिळताही जगभर पोचले, हेही तितकंच खरं. माझ्याकडे स्टीमवर गेमचा ढीग आहे. त्यातला कायद्यानं माझा किती, हा विचार मी सहसा करत नाही.

‘हाफ-लाइफ २’ च्याच दिवशी आणखी एक गेम आला आणि त्या गर्दीत चेंगरला. ‘व्हॅम्पायर: द मास्करेड – ब्लडलाइन्स’. ट्रोइका या छोट्या कंपनीनं तो व्हॅल्व्हचंच सोर्स इंजिन, म्हणजे ‘हाफ-लाइफ २’ ज्यावर चालतो तोच सॉफ्टवेअरचा सांगाडा, वापरून केला होता, आणि करारात अट होती की ‘हाफ-लाइफ २’ च्या आधी तो विकायचा नाही. मग प्रकाशकानं काय करावं? त्याच दिवशी विकायला काढला! गेम चुकांनी खचाखच भरलेला, काही जागी तर पुढे जाणंच अशक्य. तीन महिन्यांत, फेब्रुवारी २००५ मध्ये, ट्रोइका बंद पडली. पण रात्रीचं लॉस एंजेलिस, तिथले पिशाचांचे दरबार, आणि एका झपाटलेल्या हॉटेलातला तो तास, ज्यात कुणीही तुमच्यावर हल्ला करत नाही आणि तरीही तुमची बोबडी वळते... चाहत्यांनी हा गेम मरू दिला नाही. कंपनी गेल्यावर त्यांनीच वर्षानुवर्षं त्याची दुरुस्ती केली.

तिसरा मंगळवार. ब्लिझार्डचा ‘वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट’. यात डिस्क हा निव्वळ उपचार होता, कारण दर महिन्याला पैसे भरले नाहीत तर तिचा उपयोग शून्य. हजारो लोकांनी एकाच जगात खेळायचे गेम आधीही होते. ‘एव्हरक्वेस्ट २’ तर याच महिन्यात, दोन आठवडे आधी आला होता. पण ते गेम कष्टाचे होते. मेलात तर कमावलेलं घालवा, एकटे असाल तर कुणी सोबत येईपर्यंत ताटकळा. ब्लिझार्डनं पाहिलं की माणसाला सतत कुणीतरी काहीतरी काम सांगत राहिलं तर तो खुशीत राहतो. अमक्याला निरोप दे, तमक्या गुहेतली दहा अस्वलं मार. अ‍ॅझरॉथ या गेममधल्या जगात सगळीकडे अशी कामं पेरली.

त्यांचा एक किस्सा मला फार आवडतो. लोकांनी तासन्‌तास खेळत बसू नये म्हणून चाचणीच्या काळात अशी योजना होती की बराच वेळ खेळल्यावर मिळणारे अनुभवाचे गुण कमी व्हायचे. खेळाडू खवळले, ही तर शिक्षा झाली म्हणाले. मग ब्लिझार्डनं तीच गोष्ट उलटून मांडली. विश्रांती घेऊन आलात तर काही काळ दुप्पट गुण, नंतर नेहमीचे. सगळे खूश. मनुष्यस्वभाव हा असा आहे.

२०१० मध्ये या गेमचे वर्गणीदार सव्वा कोटीच्या जवळ गेले होते. त्याच्या बऱ्याच आधी, २००५ मध्ये, गेममधल्या एका राक्षसाच्या शापातून पसरणारी साथ चुकून गुहेबाहेर शहरांत पोचली आणि दुबळी पात्रं पटापट मरू लागली. काही खेळाडू इतरांना वाचवायला धावले, काही मुद्दाम साथ पसरवत फिरले. पुढे साथरोगतज्ज्ञांनी त्यावर शोधनिबंध लिहिला.

याच महिन्यात नेमका याच्या उलट टोकाचा गेमही आला, १७ तारखेला अमेरिकेत: हिदेओ कोजिमांचा ‘मेटल गिअर सॉलिड ३: स्नेक ईटर’. जपानी गेम, पण जपानमध्ये महिनाभरानं गेला. काळ १९६४, सोव्हिएत जंगल. साप, बेडूक, फळं पकडून पोट भरायचं, जखमा स्वतःच बांधायच्या. यात सर्व्हर नाही, खातं नाही, सगळं डिस्कवर. आणि तरी त्याला बाहेरच्या जगाचा पत्ता आहे, कन्सोलच्या घड्याळातून. गेम सेव्ह करून काही दिवसांनी आलात, तर जमवलेलं मांस कुजलेलं असतं. शंभरी ओलांडलेला एक नेमबाज शत्रू आहे. त्याच्याशी लढता लढता गेम सेव्ह करून आठवडाभर तसाच ठेवलात, तर परत येईपर्यंत तो म्हातारपणानं मेलेला असतो. घड्याळ पुढे केलंत तरी चालतं.

बाकीचं भरभर सांगतो. ‘मेट्रॉइड प्राइम २: एकोज’ १५ तारखेला आला. उजेडाचं जग आणि अंधाराचं जग, आणि अंधारात नुसतं उभं राहिलं तरी प्राण ओसरतो. सुंदर आहे, पण दमवतो. ‘नीड फॉर स्पीड: अंडरग्राउंड २’ मध्ये शर्यतीपेक्षा गाडी नटवण्यात जास्त वेळ गेला, निदान माझा तरी. जपानमध्ये २७ तारखेला ‘ड्रॅगन क्वेस्ट ८’ आला, त्या मालिकेतला पूर्ण त्रिमितीतला पहिला मुख्य भाग. आणि २१ तारखेला अमेरिकेत निन्टेन्डो डीएस हे हातातलं यंत्र आलं. दोन पडदे, त्यातला एक स्पर्शाचा. पहिल्या दिवसांत त्यावर खेळण्यासारखं फार नव्हतं, ‘सुपर मारिओ ६४’ ची नवी आवृत्ती आणि थोडंफार. हे खेळणं टिकेल का, अशीच कुजबुज होती. त्याच्या सगळ्या आवृत्त्या मिळून पुढे १५ कोटी ४० लाख यंत्रं विकली गेली.

आता, यातलं आज काय खेळता येईल? ‘हेलो २’ हा ‘मास्टर चीफ कलेक्शन’ मध्ये मिळतो. वॉरक्राफ्ट चालू आहेच, आणि जुन्या रूपात हवा असेल तर २०१९ पासून ‘क्लासिक’ आहे. ‘स्नेक ईटर’ चा नवा अवतार २०२५ मध्ये आलाय. ‘हाफ-लाइफ २’ ला वीस वर्षं झाली तेव्हा, नोव्हेंबर २०२४ मध्ये, व्हॅल्व्हनं त्यात करणाऱ्यांचं भाष्य घातलं. पहिल्यांदा भाष्य बंद ठेवून खेळा, मग लावून. ‘ब्लडलाइन्स’ घ्याल तर आधी चाहत्यांनी केलेली दुरुस्ती उतरवून बसवा, तिच्याशिवाय सुरूच करू नका. आणि पिशाचाचा वंश निवडताना माल्केव्हियन हा वेडसर वंश पहिल्या खेपेला घेऊ नका. त्यांचे संवाद इतके तिरपागडे आहेत की आधी कथा माहीत असल्याशिवाय त्यातली निम्मी गंमत हुकते. त्यांच्यातला एखादा रस्त्यावरच्या थांबा लिहिलेल्या पाटीशी चक्क भांडतो, आणि भांडणात पाटी जिंकते.

नमस्कार.