हरताळ फासलेली पोथी

श्रोतेहो, नमस्कार.

आज एका पोथीविषयी बोलणार आहे. तिचं नाव 'प्रकाशवर्णरहस्य'. शोधायला जाऊ नका. पुण्याच्या भांडारकर संस्थेत हजारो हस्तलिखितं आहेत, तिथंही ती मिळायची नाही, कारण ती मी मनातल्या मनात रचली आहे. पोथी खोटी, पण तिच्यातला मजकूर खऱ्या ग्रंथांतून उचललेला, हे आधीच सांगून ठेवतो.

बासन सोडू या. आडवी, सुटी पानं. काजळ आणि डिंक घोटून केलेली काळी शाई, बोरूचं वळण. अध्याय संपला की हिंगुळाची तांबडी अक्षरं. समर्थांनीसुद्धा दासबोधात लेखनाचं साहित्य सांगताना बोरूबरोबर हिंगूळ जवळ ठेवायला सांगितलाय. आणि मधूनच एखाद्या ओळीवर पिवळा पट्टा दिसतो. तो हरताळ, म्हणजे आर्सेनिक आणि गंधकाचं पिवळंधमक खनिज. लिहिताना चुकलं की लेखनिक हरताळ खलून त्या अक्षरांवर फासायचा आणि वाळला की वरून नवं अक्षर काढायचा. 'तत्त्वांना हरताळ फासला' असं आपण म्हणतो तो हाच. (बाजार बंद ठेवण्याचा हरताळ वेगळा, तो 'हट्ट' म्हणजे बाजार, त्याला लागलेलं टाळं.)

माझ्या पोथीत हे पिवळे पट्टे भरपूर आहेत.

पहिलं पान ज्योतिषी वराहमिहिराच्या बृहत्संहितेतलं, सहाव्या शतकातलं. सूर्याचे नाना रंगांचे किरण ढगाळ आकाशात वाऱ्यानं विस्कटले की धनुष्याच्या आकारात दिसतात, तेच इंद्रधनुष्य, असं तो म्हणतो. रंग किरणांचेच, ढगाचे नव्हेत. इथं आपल्याला लगेच उडी मारावीशी वाटते: बघा, न्यूटनच्या अकराशे वर्षं आधी! जरा दमानं. त्या श्लोकात लोलक नाही, मोजमाप नाही, आणि वाऱ्याचं तर साफ चुकलेलं आहे. 'वारा' या शब्दावर हरताळ फासला तो पर्शियातल्या कमालुद्दीन अल-फारिसीनं, चौदाव्या शतकाच्या सुरुवातीला. पाण्यानं भरलेला काचेचा गोळा म्हणजे पावसाचा मोठा थेंबच, असं धरून त्यानं प्रकाश आत शिरताना कसा वळतो, आतल्या आत कसा उलटतो, ते तपासलं.

दुसऱ्या पानावर मांजर आहे. खरंच आहे. न्यायसूत्रांचं, म्हणजे न्याय या तर्कप्रधान भारतीय दर्शनाच्या मूळ ग्रंथाचं, म्हणणं असं की डोळा तेजाचा बनलेला असतो, त्यातून किरण निघतात आणि वस्तूपर्यंत पोचतात. पुरावा काय? रात्री हिंडणाऱ्या प्राण्यांचे डोळे पाहा, चमकतात! यावर बौद्धांनी पेच टाकला: झाडाची फांदी आणि तिच्यामागचा चंद्र एकाच क्षणी कसे दिसतात? किरण जात असेल तर चंद्राला उशीर लागायला हवा. नैयायिक, म्हणजे हे न्यायवाले पंडित, म्हणाले, उशीर लागतोच, तुम्हाला कळत नाही; कमळाच्या शंभर पाकळ्या एकावर एक ठेवून सुई खुपसली तर त्या एकदमच भोसकल्यासारख्या वाटतात, तसं. उत्तर चुकीचं, पण काय देखणं! प्रकाश बाहेरून डोळ्यात येतो हे अकराव्या शतकात अरब शास्त्रज्ञ इब्न अल-हैथमनं नीट मांडलं. आणि मांजराचं म्हणाल, तर त्याच्या डोळ्यातल्या पडद्यामागे आरशासारखा थर असतो. पूर्ण काळोखात त्याचे डोळे मुळीच चमकत नाहीत.

तिसऱ्या पानावर मी सगळ्यात जास्त रेंगाळलो. माझ्या आईची धूपछाव पैठणी आहे. ताणा हिरवा, बाणा लाल. घडी उलगडून दिव्याखाली धरली तर पदर एकदा हिरवा दिसतो, मनगट जरा वळवलं की लाल. मग साडीचा रंग कोणता? हा प्रश्न दुकानदाराला विचारला तर तो हसेल, पण नैयायिकांची झोप याच प्रश्नानं उडवली होती. त्यांच्या मते कापड म्हणजे नुसते धागे नव्हेत, ती एक वेगळीच वस्तू. आणि एका वस्तूला रंग असेल तर तो तिला संपूर्ण व्यापणारा हवा. हिरवा म्हणावं तर लाल धागे आड येतात, लाल म्हणावं तर हिरवे. बिनरंगाची म्हणावं तर डोळ्यांना दिसलीच नसती! म्हणून सतराव्या शतकातल्या तर्कसंग्रहात, म्हणजे न्यायाच्या छोट्या पाठ्यग्रंथात, रंग सात आहेत: शुक्ल, नील, पीत, रक्त, हरित, कपिश (तपकिरीसारखा) आणि सातवा 'चित्र', म्हणजे मिश्रपणा हाच ज्याचा रंग. इंद्रधनुष्याशी ही यादी जुळवायला जाऊ नका. इथं पांढरा आहे आणि जांभळ्याचा पत्ता नाही. 'चित्र' मात्र काही नव्यनैयायिकांना, म्हणजे न्यायाच्या पुढच्या काळातल्या नव्या पंथाच्या पंडितांना, पटला नाही. तिथंही पिवळा पट्टा.

शेवटचं पान अंधाराचं. मीमांसक, म्हणजे वेदवाक्यांचा अर्थ लावणाऱ्या दर्शनाचे पंडित, म्हणत, अंधार ही वस्तूच आहे: निळासावळा दिसतो, चालतोसुद्धा. नैयायिक म्हणत, छे, तो नुसता उजेडाचा अभाव.

दिवसा मी नैयायिकांच्या बाजूनं असतो. पण लहानपणी गावी वीज गेली की आई कंदील घेऊन माजघरात निघायची आणि ओटीवरचा अंधार उठून तिच्या मागोमाग चालायला लागायचा. मी तो डोळ्यांनी पाहिलाय. नैयायिक म्हणतील, बाळा, चालत होती ती तुझी आई.

नमस्कार.