शिकागोत मालगाडी का अडते?

अमेरिकेतली मालवाहतूक समजून घ्यायची तर आधी रूळ कोणाचे ते विचारा. आपल्याकडे रूळ, इंजिनं, सिग्नल बहुतेक सगळं भारतीय रेल्वेचं. तिथे रूळच खासगी कंपन्यांचे; ॲमट्रॅक या सरकारी प्रवासी रेल्वेच्या गाड्यासुद्धा बहुतांश ठिकाणी त्यांच्या रुळांवरून जातात. पश्चिमेला बीएनएसएफ आणि युनियन पॅसिफिक, प्रत्येकीचं जाळं पन्नास हजार किलोमीटरच्या वर. पूर्वेला सीएसएक्स आणि नॉरफोक सदर्न. उत्तरेकडून कॅनेडियन नॅशनल आणि सीपीकेसी. ही शेवटची २०२३ मध्ये दोन कंपन्या एक होऊन झाली आणि तिचे रूळ थेट मेक्सिकोपर्यंत जातात.

आता लॉस एंजेलिसहून न्यू जर्सीला निघालेला कंटेनर घ्या. पश्चिमेची कंपनी शिकागोपर्यंत आणते, पुढचे रूळ दुसरीचे. पूर्ण गाडीच पुढे जाणार असेल तर काम सोपं: इंजिनं तीच, फक्त चालक बदलतात. डबे वेगवेगळ्या दिशांचे असतील तर गाडी यार्डात फोडून ते वेगळे करावे लागतात. तेही जमत नसेल तर कंटेनर उतरवून ट्रकवर चढवतात, शहर ओलांडून दुसऱ्या कंपनीच्या यार्डात नेतात आणि पुन्हा गाडीवर ठेवतात. हजारो किलोमीटर रुळांवरून आलेला माल शेवटी शिकागोच्या रहदारीत अडकतो, ही गंमतच म्हणायची.

गाडी फोडून पुन्हा जोडली की ब्रेक तपासावे लागतात. मालगाडीचे ब्रेक हवेच्या दाबावर चालतात; ब्रेक पाइपात साधारण ९० पीएसआय (दाबाचं एकक) दाब भरतात. पूर्ण तपासणीत दाब २० पीएसआयने उतरवून प्रत्येक डब्याचे ब्रेक लागतात का ते पाहतात, आणि गळती मोजायची तर ती मिनिटाला ५ पीएसआयच्या आत असावी लागते. कडाक्याच्या थंडीत डबे जोडणाऱ्या हवेच्या नळ्यांच्या सांध्यातलं रबर कडक होतं, हवा गळते आणि लांब गाडीच्या शेपटाला दाबच पोहोचत नाही. मग गाडी तोडून लहान करावी लागते. डबे तेवढेच, गाड्या जास्त, म्हणजे चालक आणि इंजिनंही जास्त लागणार. हिवाळ्यात उत्तरेकडचं वेळापत्रक कोलमडतं त्यामागे बर्फाइतकीच ही हवाही असते.

मग दोन कंपन्या एक केल्या की प्रश्न मिटला? १९९६ मध्ये युनियन पॅसिफिकने सदर्न पॅसिफिक घेतली. पुढच्याच वर्षी ह्यूस्टनचं एंगलवुड यार्ड तुंबलं. यार्डात जागा नाही म्हणून येणाऱ्या गाड्या बाहेरच्या लूपमध्ये, म्हणजे मुख्य मार्गाशेजारच्या थांबायच्या रुळावर, उभ्या. तिथेच चालकांचे कायद्याने ठरलेले बारा तास संपले. बदली चालक येईपर्यंत गाडी हलणार नाही. इंजिनं त्या गाड्यांना अडकलेली, त्यामुळे यार्डातून बाहेर जायला तयार असलेल्या गाड्यांना इंजिन नाही. आत शिरता येईना, बाहेर पडता येईना. लूप भरल्यावर समोरासमोर येणाऱ्या गाड्यांना एकमेकींना वाट द्यायलाही जागा उरली नाही, आणि हे लोण टेक्सासच्या पलीकडे पसरलं. ऑक्टोबर १९९७ अखेर वाहतूक नियामक मंडळाला तातडीचा आदेश काढावा लागला. ह्यूस्टनचा काही माल टेक्स-मेक्स या छोट्या रेल्वेकडे वळवण्याची मुभा दिली गेली.

जुलै २०२५ मध्ये युनियन पॅसिफिक आणि नॉरफोक सदर्न यांनी एकत्र येण्याचा करार जाहीर केला, म्हणजे किनाऱ्यापासून किनाऱ्यापर्यंत एकच कंपनी. असा प्रस्ताव तपासताना नकाशा मागाहून बघावा. दोन्हीकडची संगणक यंत्रणा कधी जोडणार, यार्डात किती मार्ग रिकामे राहणार आणि राखीव चालक किती, हे आधी बघावं.