भट्टीजवळचा देव

[दृश्य : बर्लिन, आल्टेस म्युझियम. काचेआड एक पसरट मातीचा पेला. कॅमेरा सरकत सरकत भट्टीच्या चित्रावर थांबतो.]

भट्टीमागून एक पोरगं डोकावतंय. नीट बघा, त्याचं नुसतं डोकं दिसतंय. भाता मारायचं काम त्याच्याकडे आहे. पुढे बसलेला कारागीर लांब सळईने विस्तव सारखा करतोय, आणि शेजारी तिसरा एक जण हातोड्यावर रेलून उभा आहे. धातूचा रस होईपर्यंत त्याला दुसरं काही करण्यासारखं नाही.

हा पेला इसवीसनापूर्वी ४९० ते ४८०च्या दरम्यान अथेन्समध्ये रंगवला गेला. चित्रकाराचं नाव माहीत नसल्याने अभ्यासकांनी त्याला या चित्रावरूनच ओळख दिली : ओतशाळेचा चित्रकार. पेला मात्र मिळाला इटलीत, वुल्चीच्या थडग्यांमध्ये. अथेन्सची भांडी समुद्रापार विकली जायची, आणि त्यांच्यावरच्या कथाही बरोबर जायच्या.

[दृश्य : पेला सावकाश फिरतो.]

आता जमिनीकडे बघा. माणसाचं डोकं पडलंय. घाबरायचं कारण नाही, ते ब्राँझचं आहे. ज्या पुतळ्यावर ते बसायचं, तो वरच आडवा ठेवलाय आणि एक कारागीर त्याच्या हातावर काम करतोय. ग्रीक ओतारी मोठा पुतळा एका दमात ओतत नसत. डोकं, हात, पाय, धड हे सगळं वेगवेगळं ओतायचं आणि मग जोडायचं. आधी मातीचा गाभा. गाभ्यावर मेणाचा थर, आणि त्या मेणात केस, पापण्या, नखं कोरायची. मेणावर पुन्हा मातीचं वेष्टन. गाभा जागचा हलू नये म्हणून आरपार धातूच्या खिळ्या. मग हे सगळं तापवायचं. मेण वितळून बाहेर पडतं आणि आत पोकळी उरते. साधारण नऊ भाग तांबं आणि एक भाग कथील भट्टीत घालायचं. सुमारे १००० अंश सेल्सिअसला त्याचा रस होतो. तो रस पोकळीत ओतायचा, निवू द्यायचा, माती फोडायची. आत काय निघेल, हे तोवर कुणालाच ठाऊक नसतं. कुठे भोक पडलेलं असतं, कुठे रस पोचलेलाच नसतो. तेवढा भाग चौकोनी कापून तिथे ठिगळ बसवायचं आणि घासून घासून ते दिसेनासं करायचं.

पेल्याच्या दुसऱ्या बाजूला तेच चाललंय. एका अवाढव्य योद्ध्याच्या पुतळ्याला दोघं जण खरवडून गुळगुळीत करताहेत. पुतळा बघणाऱ्याच्या डोळ्यांत भरतो. या चित्रकाराने तो घडवणारेही काढले, ही गोष्ट मला फार मोलाची वाटते.

[दृश्य : पेल्याचा आतला भाग. गोलात दोन आकृत्या.]

आणि आता पेल्याच्या आत. पिणाऱ्याचा द्राक्षरस संपला की तळाशी हे चित्र दिसायचं. बाहेर माणसांची ओतशाळा, आत देवाची. बसलेला आहे तो हेफेस्टस, अग्नीचा आणि धातुकामाचा देव. समोर उभी आहे समुद्रदेवी थेटिस. तिच्या मुलासाठी शस्त्रं तयार झाली आहेत आणि ती न्यायला ती आली आहे. मुलाचं नाव अकिलीज, ग्रीकांचा मोठा वीर.

मुलांसाठी लिहिलेल्या ग्रीक कथांच्या पुस्तकांत अकिलीजला पानंच्या पानं मिळतात. हेफेस्टस येतो तो ‘देवांचा लंगडा लोहार’ म्हणून, एखाद्या ओळीपुरता. या फिल्ममध्ये आपण त्याच्याबरोबर थांबणार आहोत.

[दृश्य : समुद्र, खडकाळ किनारा, लाटा.]

हेफेस्टस हेराचा मुलगा. हेरा म्हणजे देवांची राणी. बाळ पायाने अधू निघालं, आणि हेराने ते ऑलिम्पस पर्वतावरून खाली फेकून दिलं. कवी होमरच्या ‘इलियड’ या महाकाव्यात हेफेस्टस स्वतःच्या तोंडाने हे सांगतो. त्याच काव्यात त्याच्या पडण्याची दुसरीही हकिकत आहे : हेरा आणि तिचा नवरा, देवांचा राजा झ्यूस, यांच्या भांडणात तो आईच्या बाजूने उभा राहिला, म्हणून झ्यूसने त्याला पाय धरून भिरकावलं. दिवसभर तो खाली पडत होता. सूर्य मावळताना लेम्नोस बेटावर आदळला, आणि तिथल्या लोकांनी त्याला उचलून घेतलं.

आईने फेकलं तेव्हा त्याला कुणी वाचवलं? थेटिसने आणि युरिनोमेने. या दोघी समुद्रकन्यांनी त्याला नऊ वर्षं एका गुहेत लपवून ठेवलं. गुहेभोवती समुद्र घोंगावत असायचा. दोघींशिवाय तो कुठे आहे हे ना देवांना माहीत, ना माणसांना. त्या गुहेत बसून तो काय करत होता, तेही होमर सांगतो. वस्त्राला लावायच्या पिना, वेटोळी कडी, पेले, गळ्यातले हार. त्याची उमेदवारी तिथे झाली.

तो लंगडा का, यावर आजच्या अभ्यासकांनी एक तर्क केला आहे. कथील वापरात येण्याआधी तांब्यात आर्सेनिक मिसळायचे. त्याच्या धुराने धातुकाम करणाऱ्यांच्या नसांवर परिणाम होत असावा, पाय अधू होत असावेत, आणि त्यांचीच आठवण या देवाच्या रूपात उरली असावी. हा तर्कच आहे. पण ज्याने कुणी दिवसभर भट्टीपाशी उभं राहून काम केलंय, त्याला तो अशक्य वाटणार नाही.

[दृश्य : फ्लॉरेन्सचं पुरातत्त्व संग्रहालय. मोठा रंगीत रांजण, चारी बाजूंनी.]

हा रांजण ६६ सेंटीमीटर उंच आहे. १८४४ मध्ये अलेस्सांद्रो फ्रान्स्वा यांना तो इटलीत क्युझीजवळ तुकड्यांच्या रूपात सापडला, म्हणून त्याला फ्रान्स्वा कलश म्हणतात. घडवणाऱ्याचं नाव एर्गोटिमोस, रंगवणाऱ्याचं क्लेटियास. दोघांनी आपापली नावं त्यावर लिहून ठेवली आहेत, एकदा नाही, दोनदा. काळ साधारण इसवीसनापूर्वी ५७०. दोनशेहून जास्त आकृत्या, आणि बऱ्याच जणांच्या शेजारी त्यांची नावं. ज्या मुलाने नुकती अक्षरं गिरवली असतील, तोही बोट ठेवत ठेवत गोष्ट लावू शकला असता.

या बारीक रेघा जुळून आलेल्या दिसतात? १९०० साली संग्रहालयातल्या एका रखवालदाराने रागाच्या भरात यावर स्टूल फेकलं. ६३८ तुकडे झाले. पिएत्रो झेई यांनी ते एक एक करून जुळवले, तेव्हा कुठे आज आपल्याला हा दिसतोय.

[दृश्य : कलशावरचा एक पट्टा, अगदी जवळून. खेचरावर बसलेला हेफेस्टस.]

आणि हा आपला देव, खेचरावर. त्याच्या पायाकडे बघा. एक पाऊल उलट्या दिशेला वळलेलं आहे. क्लेटियासने ते झाकलेलं नाही.

ही मिरवणूक कसली? मोठा झाल्यावर हेफेस्टसने आईला एक भेट पाठवली : सोन्याचं सिंहासन. हेरा हौसेने बसली, आणि उठता येईना. न दिसणाऱ्या बेड्यांनी तिला जखडलं होतं. सगळ्या देवांनी ओढून पाहिलं, कुणाला ती सुटेना. ज्याने सिंहासन घडवलं, त्यालाच त्याची कळ ठाऊक. युद्धाचा देव आरेस म्हणाला, मी त्याला जबरदस्तीने आणतो. तो गेला आणि हात हलवत परत आला. मग द्राक्षरसाचा देव डायोनायसस गेला. त्याने शस्त्र उचललं नाही. शेजारी बसला, पेला भरला, पुन्हा भरला. हेफेस्टस झिंगला, आणि डायोनायससने त्याला खेचरावर बसवून वाजतगाजत ऑलिम्पसवर आणलं. मागे चाललेत ते सिलेनोस, घोड्याच्या शेपटीचे रानगडी. एकाच्या पाठीवर द्राक्षरसाची पखाल आहे, एक जण वाद्य वाजवतोय.

समोर हेरा सिंहासनावर अडकलेली. आणि तो कोपऱ्यात, बुटक्या बैठकीवर अंग चोरून बसलाय तो कोण? आरेस. देवी अथीना मान वळवून त्याच्याकडे बघतेय.

हेफेस्टसने आईला सोडवलं, आणि ऑलिम्पसवर त्याची जागा त्याला मिळाली.

[दृश्य : ओतशाळा, आजची. वितळलेला धातू, ठिणग्या. मग कागदावर पेन्सिलने उमटत जाणारी ढाल.]

आता परत थेटिसकडे. ट्रॉयच्या युद्धात अकिलीजची शस्त्रं त्याचा मित्र पॅट्रोक्लस अंगावर चढवून गेला, मारला गेला, आणि ट्रॉयचा राजपुत्र हेक्टर याने ती शस्त्रं काढून घेतली. थेटिस मुलासाठी नवी शस्त्रं मागायला हेफेस्टसच्या दारी आली. ती आली तेव्हा तो घामाने निथळत, भात्यांच्या भोवती फिरत काम करत होता. वीस तिवया एकदम घडवणं चाललं होतं. प्रत्येक तिवईला सोन्याची चाकं. देवांच्या सभेत त्या आपल्या आपण जायच्या आणि आपल्या आपण घरी यायच्या. फक्त कड्या बसवायच्या राहिल्या होत्या.

बायकोने, कॅरिसने, हाक मारली : अहो, थेटिस आली आहे. गुहेतली नऊ वर्षं तो विसरला नव्हता. त्याने भाते विस्तवापासून बाजूला केले. हत्यारं गोळा करून चांदीच्या पेटीत ठेवली. स्पंजाने तोंड पुसलं, दोन्ही हात, जाड मान, केसाळ छाती. सदरा घातला, जाड काठी घेतली आणि लंगडत बाहेर आला. त्याला आधार द्यायला सोन्याच्या मुली होत्या, त्यानेच घडवलेल्या, बोलणाऱ्या, विचार करणाऱ्या. यंत्रमानवाची कल्पना किती जुनी आहे, हे कुणी विचारलं तर इथे बोट ठेवा.

हत्यारं पेटीत ठेवून, हातपाय पुसून पाहुण्यांसमोर येणारा देव दुसरा कुठला मला माहीत नाही.

मग तो परत भट्टीशी गेला. वीस भाते एकदम फुंकू लागले. तांबं, कथील, सोनं, चांदी विस्तवात पडली. ऐरण ठोकळ्यावर चढली. एका हातात घण, दुसऱ्या हातात सांडशी. ढाल पाच थरांची. तिच्या मधोमध त्याने पृथ्वी कोरली, आकाश, समुद्र, न थकणारा सूर्य, पुरता भरलेला चंद्र आणि नक्षत्रं. मग दोन शहरं. एका शहरात लग्नाची वरात चालली आहे, बायका दारादारांत उभ्या राहून बघताहेत, चौकात एक खटला चाललाय. दुसऱ्या शहराला सैन्याचा वेढा पडलाय.

पुढे शेत. नांगर धरलेले शेतकरी तासाच्या टोकाला पोचून वळले की एक माणूस त्यांच्या हातात मधासारख्या गोड द्राक्षरसाचा पेला देतो. नांगरलेली जमीन मागे काळी होत जाते, आणि ती तर सोन्याची आहे! होमर स्वतः इथे थांबून नवल करतो. मग कापणी. पेंढ्या बांधणाऱ्यांना मुलं ओंजळी भरभरून कणसं आणून देताहेत, मालक काठी घेऊन गप्प उभा आहे आणि मनातून खूश आहे. द्राक्षांच्या मळ्यात टोपल्या भरून चाललेली मुलंमुली, मध्ये एक मुलगा वाद्य वाजवत गातोय. गुरांवर दोन सिंह झडप घालताहेत, कुत्री भुंकताहेत पण जवळ जायची त्यांची छाती होत नाही. मेंढ्यांचं कुरण. नाचाचं अंगण, क्रीट बेटावरच्या क्नोससमध्ये कारागीर डिडलसने राजकन्या अरियाडनीसाठी केलं होतं तसं. आणि सगळ्याला कडेने वेढणारा महासागर.

होमरने यासाठी सव्वाशेहून जास्त ओळी दिल्या आहेत. युद्धाला चाललेल्या माणसाच्या ढालीवर हेफेस्टसने नांगरणी कोरली, कापणी कोरली, लग्न कोरलं. मुलांसाठी गोष्ट छोटी करताना सगळ्यात आधी कापला जातो तो हाच भाग. तो कापू नये.

ती ढाल घेऊन अकिलीज लढला, हेक्टर पडला, आणि पुढे ट्रॉयमध्येच अकिलीजचाही शेवट झाला.

[दृश्य : अथेन्स. अगोरा, जुन्या शहराचा चौक. टेकडीवरचं देऊळ, सकाळचं ऊन, खांबांच्या सावल्या.]

अथेन्समध्ये हेफेस्टसचं देऊळ अजून उभं आहे. खांब ३४, पेंटेली पर्वताच्या संगमरवराचे. काम सुरू झालं इसवीसनापूर्वी ४४९च्या सुमारास. जुन्या ग्रीक देवळांपैकी इतकं शाबूत उरलेलं देऊळ क्वचितच दिसतं. हजाराहून जास्त वर्षं इथे सेंट जॉर्जचं चर्च होतं, वापर सुरू राहिला, म्हणून देऊळ टिकलं. आजूबाजूला उत्खननात ब्राँझ ओतणाऱ्यांच्या कामाच्या जागा सापडल्या. कुंभारांची वस्ती, केरामेइकोस, इथून जवळच. देऊळ त्याच्या माणसांमध्येच होतं.

[दृश्य : देवळाच्या बाजूच्या कोरीव चौकटी. मग मेट्रो स्टेशनची पाटी.]

या आठ चौकटींवर अथेन्सचा वीर थिसियस याचे पराक्रम कोरलेत. तेवढ्यावरून लोकांनी देऊळच थिसियसचं ठरवलं. शेजारच्या मेट्रो स्टेशनचं नाव आजही थिसिओ आहे. कारागिराच्या घरावर वीराच्या नावाची पाटी लागली, ती अजून उतरलेली नाही.

अल्कामेनीस या शिल्पकाराने घडवलेला हेफेस्टसचा पुतळा अथेन्समध्ये होता. रोमन लेखक सिसरोने त्याचं कौतुक केलं आहे : देव उभा आहे, अंगावर वस्त्र आहे, पायातला अधूपणा किंचित जाणवतो पण रूपाला बाध येत नाही. तो पुतळा आता नाही.

[दृश्य : देवळाभोवतीची बाग, डाळिंबाची आणि मर्टलची झुडपं.]

ही बागही जुन्या खुणांवर लावलेली आहे. १९३० च्या दशकात अमेरिकन पुरातत्त्वज्ञांना इथे खडकात रांगेने कोरलेले खड्डे सापडले, काहींमध्ये कुंड्यांचे तुकडे होते. त्याच रांगांत पुन्हा झाडं लावली गेली.

[दृश्य : अॅक्रोपोलिस, दुरून. मग माग, ताणा चढवणारे हात.]

शरद ऋतूत अथेन्समध्ये धातुकाम करणाऱ्यांचा सण असायचा, खाल्केइया. मान हेफेस्टसचा आणि कारागिरांची देवी म्हणून अथीनाचा. त्याच दिवशी अथीनाच्या नव्या वस्त्राचा ताणा मागावर चढायचा. त्या कामाला निवडलेल्या मुली असायच्या सात ते अकरा वर्षांच्या. पुढे सुमारे नऊ महिने विणकाम चालायचं, आणि उन्हाळ्यात मोठ्या मिरवणुकीने ते वस्त्र देवीला अर्पण व्हायचं. त्या वस्त्रात देव आणि महाकाय दैत्य यांच्या युद्धाची कथा विणलेली असायची. त्या युद्धात हेफेस्टसही लढला. मिमास नावाच्या दैत्याला त्याने मारलं ते भट्टीतून काढलेल्या लालबुंद धातूचे गोळे फेकून.