बावीस फ्रेम्स

पत्र्याचा डबा उघडला की आधी वास येतो. व्हिनेगरचा. ॲसिटेट प्लास्टिकची जुनी सिनेफिल्म कुजू लागली की ॲसेटिक ॲसिड सुटतं, आणि तेच पुढची कूज वाढवतं. नागपूरचे उन्हाळे माळ्यावर काढलेल्या रिळाचं दुसरं काय होणार? असा डबा हवाबंद ठेवू नये. चांगल्या रिळांशेजारी तर मुळीच नको.

आत सुपर ८ची, म्हणजे घरगुती कॅमेऱ्याच्या आठ मिलिमीटर रुंद रिळाची, पन्नास फूट फिल्म आहे. ३,६०० फ्रेम्स, सेकंदाला १८ धरल्या तर ३ मिनिटं २० सेकंद. मूक. नागपूरच्या इतवारीतली मारबतीची मिरवणूक: रोगराई, इडापिडा घेऊन जा म्हणत पुतळा गावाबाहेर नेतात ती.

प्रोजेक्टरवर चढवायची घाई नको. आधी मोजपट्टी लावा. कोऱ्या फिल्मच्या कडेची शंभर भोकं ४२३ मिलिमीटरमध्ये बसतात. ही ४१९ भरली. एक टक्का आकसलीय. प्रोजेक्टरचा दात भोकात नीट बसणार नाही, कडा फाडत जाईल.

म्हणून एकेक फ्रेम हातानं सरकवून तिचा फोटो काढायचा. खालून एलईडीचा पांढरा उजेड, वर कॅमेरा आणि अगदी जवळून टिपणारी मॅक्रो लेन्स, हातात सुती मोजे. फ्रेमची रुंदी सहा मिलिमीटरही नाही. टेबल जरा हललं की फोकस गेला. एका फ्रेमला दहा सेकंद धरले तरी दहा तासांचं काम. आणि कूलर बंद! त्याच्या ओल्या हवेनं फिल्मवरचा चित्राचा जिलेटिन थर फुगतो, वेटोळी एकमेकांना चिकटतात. त्यामुळे बसायचं ते पहाटेच.

या फोटोंतून नवी फिल्म जुळवली, पण तिच्यातले ओरखडे आणि बुरशी सॉफ्टवेअरनं पुसलेली नाहीत. काय हरवलं हे सांगायचं, तर हरवलेली जागा पडद्यावर दिसलीच पाहिजे.

गर्दीच्या वर, सज्जात एक बाई. कॅमेऱ्याकडे बघते ती बावीस फ्रेम्स, जेमतेम सव्वा सेकंद. नव्या फिल्ममध्ये त्यातली प्रत्येक फ्रेम आठ वेळा धरलीय. सेकंदाला २४च्या गतीनं ते बघणं सात सेकंदांवर जातं.

पुढे याच फ्रेम्स पारदर्शक शीटवर इंकजेटनं छापल्या, ड्रॉपरनं पाण्याचा एकेक थेंब सोडला, आणि शाई पसरत असताना पुन्हा फोटो काढले. काहीजण मूळ फिल्मवरच ब्लीच ओततात. ते करू नका: चित्र तर जातंच, शिवाय ॲसिड सुटलेल्या फिल्मवर ब्लीच पडलं की विषारी क्लोरीन वायू निघतो.

(बारा सेकंद निवेदन नाही. सज्जा, थेंब, चेहरा.)

मूळ रीळ पुन्हा उलगडेल असं नाही.

‘घेऊन जा गे मारबत’ ही आरोळी वरून जोडलेली नाही. ऐकू येतो तो शटरचा आवाज, एका फ्रेमला एक.