जुन्या भिंतीला सिमेंट नको

श्रोतेहो, नमस्कार. वाईच्या ढोल्या गणपतीच्या देवळाला मागून वळसा घाला. गाभाऱ्याची मागची भिंत माशासारखी निमुळती दिसेल. 1762 साली गणपतराव भिकाजी रास्त्यांनी बांधलेल्या या देवळावर कृष्णेच्या पुराचा मारा थेट बसू नये, पाणी दुभंगून दोन्ही अंगांनी निघून जावं, म्हणून ती तशी घडवली. पाण्याला वाट ठेवायची, ही समज इथल्या वाड्यांतही आहे. दुरुस्तीच्या नावाखाली आपण नेमकी तीच वाट बुजवतो आहोत.

दगडी जोत्यावरची चुन्या-मातीत रचलेली विटांची भिंत जमिनीतली ओल ओढते आणि चुन्याच्या गिलाव्यातून सुकते. वर सिमेंट थापलं की ओल आत कोंडते आणि वर चढते. लोणा, म्हणजे ओलीबरोबर येणारा खार, लागून विटेचा भुगा होतो, भिंतीत शिरलेलं सागवानी तुळईचं टोक कुजतं. वरून काही दिसत नाही. गिलाव्यावर बोटांनी ठोकून पाहा. आवाज पोकळ आला, तर आतली वीट सुटली समजा.

दुसरा घाव रस्त्याचा. डांबराचे थर चढत जातात, जोतं गाडलं जातं आणि पावसाचं पाणी थेट विटेला भिडतं. म्हणून आधी भिंतीलगतची माती काढून जोतं मोकळं करा, पाण्याला बाहेर उतार द्या. हे न करता केलेला गिलावा, कितीही चांगला असला, तरी टिकत नाही.

मग सिमेंट छिन्नीनं अलगद काढा, सांधे इंचभर खरवडा, भिंत भिजवा. एक भाग चुना, तीन भाग धुतलेली चाळीव वाळू. एक थर अर्ध्या इंचाहून जाड नको, नाहीतर तडकतो. चुना हवेतून सावकाश घट्ट होतो, म्हणून आठवडाभर ओलं गोणपाट लावून उन्हापासून जपा. काम दिवाळीनंतर काढलेलं बरं. वरून ऑइलपेंट मात्र नको, चुन्याचीच सफेदी द्या.

या गिलाव्यासाठी कळीचा, म्हणजे भट्टीत भाजलेला कोरडा चुना विझवताना तो थोडा थोडा पाण्यात सोडावा. चुन्यावर पाणी ओतलं तर उकळून अंगावर उडतो. डोळ्यांना चष्मा हवाच. विझलेला चुना निदान पंधरा दिवस पाण्याखाली मुरू द्या. न विझलेली कणी राहिली, तर ती भिंतीत फुगते आणि गिलाव्याला फोड येतात. गवंडी ठरवताना पहिला प्रश्न हाच विचारा: चुना किती दिवस मुरवता? आज विझवून उद्या लावतो म्हणणाऱ्याला काम देऊ नका.